पिंपळाच्या अलीकडं

"बोलत चालू का नुसती चालू?" हौसाआत्यानं खालून विचारलं.

"बोलत चाल. आठवेल ते बोल," मी देवळाच्या जोत्यावरून सांगितलं. "आमच्याकडं बघू नको. आम्ही इथं नाहीच असं समज."

"तुमी कवा व्हता गं हितं," ती म्हणाली आणि चालायला लागली.

खोटं नव्हतं ते. मी जन्मले तेव्हा जुनी खडकोळी धरणाच्या पोटात जाऊन बरीच वर्षं झाली होती. हौसाआत्या माझ्या बापाची थोरली बहीण. नवरा वारल्यावर ती माहेरी आली आणि पाठोपाठ पाणी आलं. त्या गावाच्या गोष्टी ऐकतच मी मोठी झाले. आमची आजी पोरांना झोपवताना राजाराणीचं काही सांगायची नाही, गल्ल्या सांगायची. वेशीतनं आत, डाव्या हाताला देऊळ, पुढं पाटलाचा वाडा, मग पिंपळ, मग आपण. पिंपळापर्यंत पोचायच्या आत मला झोप लागायची.

आणि आता उन्हाळा सरत आला होता, पाणी लांब मागं गेलं होतं आणि ते झोपेतलं गाव माझ्यासमोर उघडं पडलं होतं. गाळ वाळून त्याच्या खापऱ्या झालेल्या. पायाखाली शिंपले कुरकुरायचे. वाड्याची दगडी जोती ओळीनं दिसत होती, जणू कुणी गाव मांडायला घेतलं आणि अर्ध्यात उठून गेलं. लांब पाण्याच्या काठाला बगळे उभे होते, एकही हलत नव्हता. जमिनीतनं उन्हाची वाफ उठत होती आणि कॅमेऱ्याच्या काचेतनं बघितलं तर हौसाआत्या त्या वाफेत तरंगत चालली होती. गुडघ्याखाली तिला पायच नव्हते, नुसतं थरथरणारं पाणी.

आमचा महारवाडा मात्र कुठंच दिसत नव्हता. घरं मातीची होती आमची. पाण्यानं दगड ठेवले आणि माती खाल्ली. माणसांचं ठीक आहे, पण ह्या धरणालाही जात कळते, असं मी तेव्हा रागानं म्हणायचे. अजूनही म्हणते.

माझ्या शेजारी पंचशीला उकिडवी बसली होती. कानाला हेडफोन, मांडीवर आवाजाचं मशीन. आत्याच्या पदराला आम्ही छोटा माइक टाचला होता, म्हणजे ती लांब गेली तरी आवाज पंचशीलाच्या कानात पडायचा. पंचशीला माझ्या चुलत दिराची बायको, बोलायला फटकळ आणि कानाला तिखट.

"काय बोलतेय?" मी विचारलं.

"देवळाला शिव्या घालतेय. आत कधी घेतलं नाही म्हणते, आता बघ कसं उघडं पडलंय." ती हसली. "चपलांचा आवाज काय भारी येतोय गं. चट चट, चट चट."

थोड्या वेळानं ती हेडफोनवर टिचक्या मारायला लागली.

"काय झालं?"

"आवाज गेला."

"बोलायची थांबली असेल."

"बोलणं थांबलं ते कळलं मला. चालण्याचा पण आवाज नाही. काहीच नाही. वारं फक्त."

मी काचेतनं बघितलं. आत्या चालत होती, वाड्याच्या जोत्यांसमोरनं, जरा वाकून. ऊन होतं, वय होतं, वाकणारच. ती पुढं गेली, पिंपळाच्या काळ्या खोडाजवळ पोचली, आणि पंचशीला म्हणाली, "आला. आला परत. चट चट. बोलायला पण लागली. आलं बघ, आपलं आलं, म्हणते."

हे सगळं कशासाठी, ते सांगते. धरणग्रस्तांसाठी वर माळावर नवी खडकोळी वसवली, त्यात आमच्या लोकांना घराच्या जागा दिल्याच नाहीत. सरकारी मोजणीत आमची घरं नव्हती. ही हंगामी मजुरांची माणसं, पालं टाकून राहायची, काम संपलं की जायची, असं गावानं लिहून दिलं होतं. आम्ही नव्या गावाच्या कडेला गायरानात झोपड्या घातल्या. तिथंच पोरं झाली, लग्नं झाली, म्हातारी गेली, विहार बांधला. आणि आता ते अतिक्रमण ठरलं होतं, पाडायची नोटीस आली होती. आम्ही त्या बुडालेल्या गावात राहत होतो हे पुनर्वसन अधिकाऱ्यासमोर दाखवायचं होतं, एवढाच प्रश्न. गावाच्या बाजूनं बोलणार होते रंगरावअण्णा, माजी सरपंच. पाटलाच्या वाड्यातला शेवटचा माणूस.

कॅमेरा आमचाच होता, म्हणजे शहरातल्या एका संस्थेनं दिलेला. आधी त्यांचीच माणसं यायची. आमच्या बायकांना चुलीपुढं बसवायची, रडेपर्यंत प्रश्न विचारायची आणि रडणं घेऊन जायची. कुठं दाखवायची देव जाणे. एकदा मी म्हटलं, रडायचं तर आमचं आम्ही रडू, यंत्र इथं ठेवा आणि चालवायला शिकवा. त्यांना राग आला नाही, हे त्यांचं मोठेपण. मी नववीत शाळा सोडलेली बाई, कॅमेरा शिकले. आमचा नियमही आम्हीच केला: जे काढलं ते आधी वस्तीत, विहाराच्या भिंतीवर दाखवायचं. ज्याचं तोंड, त्याचा शब्द. तो काढ म्हणाला की काढायचं. कारण विचारायचं नाही.

हौसाआत्यानंतर दौलतआबा चालले. वस्तीतलं दुसरं म्हातारं माणूस, धरणाआधीचं. एकटेच असले तरी बोलणारे. माइक लावताना म्हणाले, "पोरी, यात पादलेलं ऐकू येतं का? तर मग सांभाळून चालतो."

तेही वेशीपासनं निघाले, आणि वाड्यापाशी आले तसा पंचशीलानं हेडफोन काढून माझ्या हातात दिला. मी कानाला लावला. वारं होतं. आबांचा शब्द नाही, पाऊल नाही.

"तिथं आवाज बुडतो," पंचशीला हळूच म्हणाली.

आबा पिंपळाच्या पलीकडं गेले आणि परत बडबड सुरू झाली. मशीनमध्ये खोट असेल म्हणून पंचशीला स्वतः माइक लावून त्याच वाटेनं जाऊन आली. तिच्या सँडलचा आवाज वेशीपासनं शेवटपर्यंत आला, एकदाही बुडाला नाही.

"मशीन चांगलं आहे," ती परत येऊन म्हणाली. "जागाच तसली आहे."

दिवेलागणीला विहाराच्या भिंतीवर ते दाखवलं. सगळी वस्ती सतरंज्या टाकून बसली होती. लहान काचेत जे दिसलं नव्हतं ते भिंतभर मोठं झालं.

हौसाआत्या वेशीतनं आत आली. देवळाला शिव्या दिल्या, लोक हसले. मग वाड्याचं पहिलं जोतं आलं. ती थांबली. वाकली. पायातल्या चपला काढल्या, हातात घेतल्या, पदर पुढं ओढला आणि मान खाली घालून चालायला लागली. त्या तापलेल्या गाळावरनं, अनवाणी, शब्द न काढता. समोर वाडा नव्हता. दार नव्हतं, माडी नव्हती, माडीवर बसणारा कुणी नव्हता. बगळे होते. पिंपळाच्या खोडाच्या थोडं अलीकडं तिनं चपला खाली टाकल्या, पाय सरकवले, मान वर केली. "आलं बघ, आपलं आलं."

मग दौलतआबा. तेच. वाड्याशी वाकले, पायताण हातात, पिंपळ ओलांडल्यावर पायात.

हौसाआत्याचा नातू माझ्यापुढंच बसला होता, कॉलेजात जाणारा, छातीवर हात बांधून. तो आजीकडं बघत नव्हता. दौलतआबा जमिनीवर बोटानं काहीतरी रेघा ओढत होते.

"काढ ते," हौसाआत्या म्हणाली.

"आत्या, अगं..."

"काढ म्हनलं ना." ती उठली, पायानं अंधारात चपला चाचपल्या, घातल्या आणि गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी तिच्याकडं गेले. ती दारात चिंचा फोडत बसली होती. मी शेजारी बसले, मीही फोडायला घेतल्या.

"तुला कळतंय का," मी म्हटलं, "आपल्याकडं दुसरं काहीच नाही. घरांचा एक दगड नाही राहिला. दोन माणसं, वेगवेगळी चालली, आणि दोघांनीही त्याच गल्लीत चपला काढल्या, पिंपळाशी घातल्या. का घातल्या? तिथनं आपला महारवाडा सुरू होतो म्हणून. हंगामी मजुराच्या अंगात हे भिनत नाही. हा नकाशा आहे आत्या, तुमच्या पायात छापलेला."

"नकाशा," ती म्हणाली. "बरा शब्द हाय."

"यात तुझी काय चूक? लाज त्यांना वाटायला पाहिजे. पाटलाला."

"पाटील कुटं व्हता?"

मी पुढची चिंच उचलली.

"मला सांग ना, कुटं व्हता? मेला तो. वाडा बुडाला, माडी बुडाली. मला कुनी वरडलं का, आगं ए, चपला काड? कुनी न्हाई. मीच काडली गं. माझ्याच हातानं." तिनं हातातली चिंच टरफलासकट लांब फेकली. "लहानपनी काडायला लावली ती त्येंची लाज. काल काडली ती माझी."

"पण घरं जातील."

"तुमचा नियम काय हाय?"

"ज्याचं तोंड, त्याचा शब्द."

"मग झालं."

मला राग आला, तिचा नाही, पण दुसरं समोर कुणी नव्हतं. "तुझ्या एकटीच्या लाजेपायी सगळ्या वस्तीवर बुलडोझर घाल," असं म्हणून मी उठले. घरी येऊन मी तो तुकडा कापून बाजूला ठेवला. आबांना विचारलं, तर म्हणाले, "ती न्हाई तर मी बी न्हाई." त्यांचाही काढला. उरलं ते बघितलं तर दोन म्हातारी माणसं वाळल्या गाळात उभी राहून हातवारे करत होती. हितं हे व्हतं, तितं ते व्हतं. कुणीही हसलं असतं.

सुनावणी जवळ आली. वरच्या धरणातनं पाणी सोडलंय अशी बातमी आली आणि आमच्या धरणाचं पाणी रोज थोडं थोडं पुढं सरकायला लागलं. माळावरनं दिसायचं, जुनं गाव कडेकडेनं मिटत चाललेलं.

अशात एक दिवस भल्या सकाळी हौसाआत्या माझ्या दारात. धुतलेलं लुगडं, केसांना तेल.

"यंत्र घे," ती म्हणाली. "आन् त्या कानवालीला हाक मार. पानी यायच्या आत जाऊ."

आम्ही उतरलो तेव्हा गावावर धुकं होतं. वेशीपर्यंत पाणी आलं नव्हतं, पण गाळ ओला झाला होता, आणि गल्ल्यांमधनं पाण्याच्या बारीक जिभा पुढं येत होत्या, काहीतरी शोधत असल्यासारख्या. आवाज कसलाच नाही. आपण तिघी चाललोय की कुणीतरी आपल्याला आठवतंय, असं वाटावं असलं ते सगळं होतं.

"ह्या येळंला लांबनं नगं," आत्या म्हणाली. "माझ्या मागनं ये. पाय दिसू देत."

ती वेशीतनं आत गेली. मी तिच्या पायांवर कॅमेरा धरून मागनं. चट चट, चट चट. वाड्याचं पहिलं जोतं आलं. ती थांबली. आत्याचा उजवा पाय चपलेतनं अर्धा बाहेर आला, आपोआप, जसं डोळ्यापुढं काही आलं की पापणी मिटते. टाच वर तशीच राहिली. मग तिनं पाय परत आत घातला, अंगठा गच्च रुतवला, आणि चालायला लागली.

आणि बोलायला लागली. मोठ्यानं.

"हा वाडा. हितं माडीवर थोरला पाटील बसायचा, तंबाकू मळत. माझा बाप हितनं जाताना खोकायचा बी न्हाई. हितं माझ्या आईनं डोक्यावरचा भारा खाली टाकून चपला काडल्या, कारन हात मोकळा नव्हता, आन् परत भारा उचलून द्यायला कुनी आलं न्हाई. बसली ती उनात." चट. चट. ओल्या गाळात चपला रुतायच्या, ती उपसून काढायची. एकदा पडायला झाली. मी कॅमेरा सोडून धरायला गेले, तर म्हणाली, "तू तुझं काम कर."

पिंपळ ओलांडला. मग मोकळा गाळ, काहीच नाही. ती चालत राहिली, डावीकडं वळली, परत वळली आणि एका जागी थांबली. तिथं दुसऱ्या कुठल्याही जागेसारखाच गाळ होता.

तिथं तिनं चपला काढल्या. सावकाश, एकमेकीला लावून, सरळ ठेवल्या. एक पाय उंच उचलून पलीकडं टाकला, मान खाली वाकवली आणि मग ताठ उभी राहिली.

"ये," ती म्हणाली. "आजाचं घर हाय तुझं. वाकून ये, दार बुटकं हाय."

मी माझ्या चपला काढल्या. आणि वाकले. कॅमेरा छातीशी धरून, नसलेल्या चौकटीखालनं, मी आमच्या घरात गेले. पायाखालचा गाळ गार होता. आत्यानं मला चूल दाखवली, रांजण दाखवला, माझा बाप जिथं जन्मला तो कोपरा दाखवला. मग ती भिंतीला टेकायला गेल्यासारखी बसली आणि डोळे मिटून घेतले. बाहेर पाण्याची एक जीभ अंगणात आली होती.

"आत्या, चल," पंचशीला म्हणाली. "पाणी आलं."

आत्या उठली, वाकून बाहेर आली. मी माझ्या चपला घातल्या. पंचशीला आत्याच्या उचलायला वाकली.

"र्‍हाऊ दे," आत्या म्हणाली.

"वाहून जातील."

"र्‍हाऊ दे म्हनते."

मी शेवटचं तेवढंच घेतलं. गाळात दोन चपला, शेजारी शेजारी, आणि हळूहळू जवळ येणारं पाणी. आत्या अनवाणी चढ चढून वर आली. वाटेत म्हणाली, "आता दोन्ही दाखव. आदी ते, मग हे. एकटं ते दाखवशील तर हात मोडंल तुजा."

दौलतआबांना विचारलं. ते म्हणाले, "ती हाय तर मी बी हाय."

सुनावणी तहसिलीच्या सभागृहात होती. पडदे ओढले, भिंतीवर चित्र सुरू झालं. रंगरावअण्णा पुढच्या खुर्चीत, फेटा, हातात काठी, डोळे पुढं. त्यांचं म्हणणं आधीच सांगून झालं होतं: ह्यांची वस्ती तिथं कधीच नव्हती, साहेब.

भिंतीवर वेस आली, देऊळ आलं. मग वाड्याची जोती. मी अण्णांकडं बघत होते. त्यांचे ओठ जरा उघडे पडले होते. किती वर्षांनी बघत होते कोण जाणे. त्यांचंही गाव होतं ते, बुडालेलं. हौसाआत्या वाकली, चपला हातात घेतल्या, मान खाली घातली. सभागृहात वाऱ्याचा आवाज भरला.

"यावरनं काय सिद्ध होतं?" अधिकारी आमच्याकडं वळून म्हणाले. "चपला हातात घेतल्या म्हणून तिथं घर होतं, असं कसं म्हणता येईल?"

मी उत्तर द्यायला उभी राहिले. तेवढ्यात भिंतीवरच्या आत्यानं चपला खाली टाकल्या आणि पाय सरकवले.

"पिंपळाच्या अलीकडं घातली हिनं," रंगरावअण्णा म्हणाले.

कुणाला उद्देशून नाही. भिंतीकडं बघत. आवाज म्हाताऱ्याचा नव्हता, कुठल्यातरी माडीवरनं आल्यासारखा होता.

"काय म्हणालात?" अधिकारी.

"पिंपळ ओलांडल्याशिवाय पायात घालायची नाही, असं होतं. ह्यांचा वाडा पिंपळापासनं सुरू. ही अलीकडं..."

ते थांबले. काठीवरची बोटं हलली. सभागृहात सगळे त्यांच्याकडं बघत होते, आणि ते अजून भिंतीकडंच बघत होते, जणू तिथनं कुणीतरी येऊन बोललेलं परत घेईल.

"ह्यांचा वाडा," अधिकारी हळूच म्हणाले आणि लिहायला लागले.

मी बंद करायला पुढं झाले, तर म्हणाले, "बंद करू नका. पुढचं चालू द्या."

भिंतीवर धुकं आलं. आणि सभागृहात, पंख्यांच्या वर, खुर्च्यांच्या वर, आवाज घुमायला लागला. चट चट. चट चट. वाड्यासमोरनं, पिंपळाच्या अलीकडनं, पलीकडनं. अण्णांनी मान खाली घातली ती शेवटच्या चित्रापर्यंत वर केली नाही.

जागा मिळाल्या आम्हाला. लगेच नाही मिळाल्या. अजून खेटे, अजून सुनावण्या, सरकार कुणाला फुकट काही देत नाही, हक्काचं तर मुळीच नाही. पण त्या दिवसानंतर आम्ही तिथं नव्हतो असं परत कुणी म्हणालं नाही.

त्या दिवशी तहसिलीच्या पायऱ्या उतरताना आत्या अनवाणीच होती. पायऱ्या तापलेल्या. पंचशीलानं स्वतःच्या सँडल काढून तिच्यापुढं ठेवल्या. आत्यानं घातल्या, मोठ्या होत होत्या, तरी घातल्या.

"मला एक सांग," पंचशीला म्हणाली. "चांगल्या चपला होत्या. तिथं का ठेवून आलीस?"

आत्यानं तिच्याकडं बघितलं, एवढंही कळू नये ह्याचं नवल वाटून.

"आगं, दाराबाहेर चपला दिसल्या की येनाऱ्याला कळतं," ती म्हणाली, "घरात मानसं हाईत."